नलिनी मॅडमनी अंगावर घेतलेली चूक

नलिनी म्हात्रे मॅडमना मी पहिल्यांदा भेटलो ते रेवदंड्यात, त्यांच्या घराच्या ओटीवर. मुंबईतली नोकरी सोडून त्यांनी तिथेच दोन कॉम्प्युटर मांडले होते आणि किनाऱ्यावरच्या मच्छीमार सोसायट्यांसाठी प्रोग्राम लिहायला घेतले होते. मी प्रमाणपत्रांची चळत घेऊन गेलो. मॅडमनी तिला हातही लावला नाही. माझा एक प्रोग्राम तेवढा वाचला आणि म्हणाल्या, "एकच काम सात ठिकाणी लिहिलंय. चुकलं तर सातही ठिकाणी दुरुस्त कोण करणार, तुम्ही का मी?" माझं तोंड एवढंसं झालं. तरी त्यांनी मला ठेवून घेतलं.

मॅडमचं मोठं काम म्हणजे त्यांची सामायिक लायब्ररी फाईल. बोटींची नोंद, खलाशांची नावं, भरती-ओहोटीच्या वेळा, असं सगळ्या प्रोग्रामांना लागणारं काम त्यांनी एकदाच नेटकं लिहून तिच्यात ठेवलं. ही फाईल एकटी चालत नाही. प्रोग्राम तिला कामाला लावतो, आणि कॉम्प्युटरवर योग्य रनटाइम, म्हणजे तिला चालवणारी व्यवस्था, असेल तरच ती चालते. सोसायटीतल्या बायकांना मॅडम सांगत, "वाटून ठेवलेला मसाला समजा. कुठल्याही कालवणात घाला, पण खाली चूल पेटलेली हवी." आज हरिहरेश्वरापर्यंतच्या सोसायट्यांत हीच फाईल चालते, आणि तिथे मॅडमचं नाव निघालं की माझी छाती फुगते.

त्यांचा एक दंडक होता. नवी फाईल आधी सोसायटीच्या जुन्या कॉम्प्युटरवर चालवून बघायची, मगच सगळीकडे पाठवायची. मी शहाणा! नव्या रनटाइमवर फाईल तयार केली, माझ्या कॉम्प्युटरवर झकास चालली, म्हणून मॅडमना न विचारता सगळीकडे पाठवून दिली. सोसायट्यांत तो रनटाइमच नव्हता.

दुसऱ्या दिवशी दुपारी वादळी वाऱ्याचा इशारा आला. कोणत्या बोटी बाहेर आहेत, कुणाला वायरलेसवर बोलवायचं, ही यादी कुठेच उघडेना. आमच्या सोसायटीचे चेअरमन पांडूदादा मॅडमवर ओरडले, "बाय, आमची पोरं दर्यात हायत, आन् तुझी यादी उघडत न्हाय?" मॅडमनी जपून ठेवलेली आदली फाईल काढली, ती जागेवर बसवली आणि बाकीच्या सोसायट्यांना फोनवरून तेच करायला लावलं. यादी उघडली, निरोप गेले. दिवेलागणीला शेवटची बोट बंदरात लागली तेव्हा कुठे माझ्या जिवात जीव आला.

पुढे सोसायटीच्या सभेत विचारणा झाली. मी नुकताच चिकटलेलो, घर माझ्या पगारावर. मी उठणार तोच मॅडम उभ्या राहिल्या. "फाईल माझ्या नावाची आहे. चूक माझी." पुढच्या तालुक्याचं ठरत आलेलं काम त्यामुळे त्यांच्या हातून गेलं. परतताना रिक्षात मी रडलो. त्या एवढंच म्हणाल्या, "तुम्ही नवे आहात. तुम्हाला पुन्हा कुणी दारात उभं केलं नसतं. मला करतील." दुसऱ्या सकाळपासून मात्र त्यांनी मला प्रत्येक सोसायटीत नेलं आणि तिथल्या खुर्चीत बसवून माझी फाईल का चालत नाही ते माझ्याकडूनच शोधून घेतलं. रागाचा एक शब्द नाही.

बंदरावर अजून कुणीतरी म्हणतंच, "बाय हुशार, पण त्या वाऱ्याच्या दिवशी चुकली." इतकी वर्षं मी मान खाली घालून ते ऐकत आलो. मॅडमची साठी आली तेव्हा त्यांना म्हटलं, आता खरं लिहून टाकतो. त्या म्हणाल्या, "खबरदार, त्यातलं काही लिहाल तर!" आयुष्यात दुसऱ्यांदा त्यांच्या परवानगीशिवाय काहीतरी पाठवतो आहे, या वेळी हा मजकूर. पांडूदादा, मंडळी, त्या दिवशी मॅडम चुकल्या नव्हत्या. चुकलो मी होतो.

मॅडमना ठणठणीत प्रकृती आणि भरपूर आयुष्य लाभो. हे वाचून त्या माझ्यावर चिडणार, हे नक्की. पुढची कित्येक वर्षं त्यांनी असंच चिडावं.