महादप्पांच्या हाताखालची थाळी

माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही, आणि हे मी रीत म्हणून लिहीत नाहीये. आमचं घर बौद्ध. घरात देव्हारा नव्हता, नवस-अंगारा नव्हता. कुणाला 'बाधा' झाली म्हटलं की आई आधी त्याच्या कपाळाला हात लावून ताप बघायची. पुढे मी जन्मभर शाळेत विज्ञान शिकवलं. आता निवृत्त आहे, थकलेय, आणि हा किस्सा सांगून तर जास्तच थकलेय. ज्यांना पांढरी साडी, उलटे पाय वगैरे हवं असेल त्यांनी हे पान खुशाल उलटावं...

आमचं गाव शिरूर अनंतपाळजवळ. तेव्हा तालुका निलंगा. लातूर नुकताच वेगळा जिल्हा झाला होता. एसटीच्या पाट्या बदलल्या, कचेरीचे शिक्के बदलले, पाऊस काही आला नाही. पाणी उरलं ते एकाच विहिरीला. रात्रभर झरून जेवढं साठेल तेवढंच. पहिल्या घागरी नितळ, शेवटच्या म्हणजे निव्वळ गाळ.

भांडणं नकोत म्हणून गावाने एक जुना लिलाव पुन्हा सुरू केला. पैशांचा नाही – वेळेचा. विहिरीवरच्या लिंबाला काशाची थाळी टांगलेली असायची. महादप्पा नावाचे वयस्कर दुकानदार सकाळी तिच्यावर लाकडाने टोला द्यायचे. आवाज घुमतोय तोवर पुकारायचं – कुणी वीस मिनिटं, कुणी पंधरा. आवाज विरला की लिलाव संपला. सगळ्यात कमी वेळ मागणाऱ्याची पाळी पहिली, मग पुढच्या पाळीसाठी पुन्हा टोला. पाळी संपल्याची खूणही थाळीच. टोला ऐकू आला की दोर वर.

आमच्या वस्तीलाही पुकारायची मुभा होती. तोंडावर नाही म्हणणारं कुणी नव्हतं. फक्त आईने तोंड उघडलं की महादप्पांचा तळहात थाळीवर जायचा. आवाज बंद. "आवाज गेला की गं, गयाबाई. जरा लौकर बोलायचं," म्हणायचे, तेही रागाने नाही, अगदी घरच्यासारखं. ती लवकर बोलली, तर "टोला नीट बसला न्हाई" म्हणून पुन्हा वाजवायचे. शेवटची पाळी आमची ठरलेली.

त्या उन्हाळ्यात माझी आक्का बाळंतपणाला आली होती. तिला अंगावर दूध नव्हतं, म्हणून बाळाला शेळीचं दूध पाणी घालून द्यायचो. पाणी वस्त्रगाळ केलं, उकळलं, तरी व्हायचं तेच झालं. पोरीला जुलाब लागले. डोळे आत गेले, रडणंसुद्धा थांबलं. निलंग्याच्या डॉक्टरांनी पुड्या दिल्या – स्वच्छ पाण्यात कालवून पाजत राहा म्हणाले. स्वच्छ पाणी!

दुसऱ्या दिवशी सकाळी आई पदर खोचून विहिरीवर उभी राहिली. मी शेजारी, दोर घेऊन. टोला पडला. कुणीतरी "पंधरा" म्हणालं. आई ओरडली, "धा मिनिटं!"

तळहात थाळीवर आला. आवाज थांबला नाही.

महादप्पांनी दुसरा हात ठेवला. मग खांद्यावरचा टॉवेल थाळीवर दाबला. थाळी लिंबावरून उतरवून पोटाशी धरली... आवाज चालूच. मी हाताच्या अंतरावर होते. न राहवून मी बोट लावलं. थाळी गार, अगदी स्थिर. व्हायब्रेशन नावाला नाही. आणि आवाज मात्र तिच्यातूनच येत होता.

"आवाज हाय तोवर पुकारा की मंग!" मागून कुणीतरी म्हणालं. खरंच होतं, नियमाने लिलाव संपलेला नव्हता. "आठ!" "सहा!" माणसं ईर्ष्येला पेटली. आईही त्यांच्यामागे खाली खाली येत गेली. शेवटी ती घसा फाडून म्हणाली, "येक! येकच मिनिट द्या, लेकरू मरायलंय!"

आवाज थांबला.

पहिली पाळी आमची. पण एका मिनिटात त्या खोल विहिरीतून एक घागर निघाली तरी खूप. आम्ही जीव खाऊन दोर ओढला. घागर काठावर येते न येते तोच महादप्पांनी घड्याळ बघून, पुन्हा लिंबाला टांगलेल्या थाळीवर टोला दिला. काहीच वाजलं नाही. पुन्हा दिला, जोर लावून. लाकूड आपटल्याचासुद्धा आवाज नाही. आणि टोला ऐकू आल्याशिवाय पाळी संपत नाही, हा तर गावाचाच नियम. महादप्पांनी लाकूड खाली ठेवलं. "भर, गयाबाई. भर," म्हणाले.

आईने दुसरी घागर भरली, तिसरी भरली. तिने विहीर उपसली असती तरी त्या दिवशी कुणी अडवलं नसतं. पण तिने दोर गुंडाळला. "बास. मागं लोकं हायत." पुढच्या पाळीचा टोला नेहमीसारखा खणखणीत वाजला.

चार-दोन दिवसांत पोरगी टाहो फोडून रडायला लागली. आक्का तिला घेऊन रडली, मीही रडले. ती पोरगी आता नांदेडला नोकरी करते. महादप्पा त्यानंतर टोला दिला की हात पाठीमागे बांधून उभे राहायचे. गावाने थाळीला हळदकुंकू वाहिलं, नारळ फोडले. उदगीरच्या कासाराला दाखवली, तर तो म्हणाला, तडा नाही, काही नाही, चांगली थाळी आहे. शाळेत मी नादकाटा हातात घेऊन सांगायचे की कंप थांबला की ध्वनी थांबतो, आणि दरवर्षी त्याच वाक्याला अडखळायचे. मुलं हसायची.

आई अंथरुणाला खिळली होती तेव्हा तिला एकदा विचारलं, त्या दिवशी नेमकं काय झालं असेल गं? ती वैतागली.

"समद्यायला थाळीचंच नवल. हात ठिवला तरी वाजली म्हणून. मी समदा उन्हाळा तिथं वरडत व्हते, माय. ते कुणालाच ऐकू आलं न्हाई, त्याचं नवल न्हाई वाटत कुणाला?"

मी तिचे पाय चेपत बसले.