भिकन मिस्तरीची चिप

भिकनभाऊ आधी हात उचलायचा, मग बोलायचा. गिऱ्हाईकाने "परवा देतो म्हणाला होतास" एवढं म्हटलं की पेचकस भिंतीत जाऊन रुतलाच समजा. धुळ्याला आमच्या ओट्याला लागून त्याचं टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं. बायको, मालती, त्याला रोज शिव्या द्यायची आणि रोज डबा आणायची.

नव्वदीनंतर गल्लोगल्ली व्हिडिओ गेम आले. शांतारामच्या पार्लरमधलं यंत्र दुरुस्तीला आलं, तेव्हा भिकनने त्यातल्या मुख्य चिपेतला खेळ वाचून त्याची नक्कल कोऱ्या चिपेत उतरवली. सुटकेसमध्ये लहानसा टीव्ही, स्कूटरची बॅटरी आणि ती चिप बसवून हातात धरून नेता येईल असा खेळ त्याला बनवायचा होता. जत्रेत न्यायचा म्हणे. मला दाखवून म्हणाला, "अक्का, हाई मशीननी जनमघुट्टी शे. हाई नही तर बठ्ठा डबा मुका." बठ्ठा म्हणजे सगळाच.

शांतारामला ते कळलं. दोन माणसं घेऊन आला, म्हणाला, "माझ्या यंत्राची चोरी करतोस?" भिकनने तारांना डाग द्यायची तापलेली सळई त्याच्या गालावर टेकवली. मग सायकलच्या साखळ्या सुटल्या. त्यांनी त्याचा उजवा हात उंबऱ्यावर धरून बोटं मोडली. तो आवाज मी ऐकला, बाई. त्या नकलेसकट त्याच्या चिपांचा डबा गटारात गेला.

त्याला दवाखान्यात नेलं. मी गटारात हात घालून चिपा वेचल्या, शिकेकाईने धुतल्या, त्यांच्या पाठीवर चिकटवलेले घाणेरडे कागद खरवडून काढले आणि गच्चीवर पापडांशेजारी मांडल्या. वैशाखाचं ऊन, आठ दिवस. चांगल्या कोरड्या होऊ देत म्हटलं.

प्लास्टर घालून आला. डाव्या हाताने चिप बसवली. पडदा काळाच. चिप उलटी करून बघितली.

"अक्का, कागद कोठे गया?"

"घाण झाला होता रे, काढला."

त्या कागदाखाली काचेची बारीक खिडकी असते. तिच्यातून ऊन गेलं की आत उतरवलेलं सगळं पुसलं जातं. त्याने हे अगदी हळू सांगितलं. मी मार खायला मान खाली घातली होती. तो म्हणाला, "च्या टाका."

चहा पिऊन तो थेट पार्लरवर गेला, पुन्हा नक्कल मागायला. एक हात प्लास्टरमध्ये, हात जोडताही येईनात. शांतारामच्या गालावरचा डाग अजून ओला होता. लोखंडी बाकाच्या पायाने त्यांनी त्याचं डोकं फोडलं.

दवाखान्यात तीनच दिवस जगला. मालती उशाशी बसून एकच विचारत होती, "परत कशाला गेलात तिथं?"

मी पायथ्याशी उभी होते. त्याने माझ्याकडे पाहिलं, मग तिच्याकडे.

"चिप मीच खराब करी," म्हणाला.

मालती अजून त्यालाच दोष देते. मी अजून तिच्या ओट्यावर पापड लाटायला जाते.