वरचे दोन मजले पाडण्याचा हुकूम

कोर्टात त्यांना सगळे बेलिफबाई म्हणत. सव्वीस वर्षं त्यांनी समन्स बजावली, जप्त्या केल्या, शिव्या खाल्ल्या, दोनदा कुत्राही चावला. कोणाच्याही दारात गेल्या की त्या हुकूम सबंध वाचून दाखवत, एक ओळ गाळत नसत. "शेवटच्या ओळीपर्यंत समोरच्याचा ओरडायचा दम संपतो," असं त्या नवऱ्याला सांगत.

निवृत्तीला दीड वर्ष उरलेलं असताना बेलिफांना कामं वाटून देणाऱ्या नाझरांनी त्यांच्यापुढे एक जाडजूड फाइल सरकवली. बाजारामागच्या गल्लीतल्या एका फरशीवाल्यानं दोन मजल्यांची परवानगी घेऊन चार बांधले होते. शेजारच्या निवृत्त शिक्षिकेच्या स्वयंपाकघरात भर दुपारी दिवा लावायची वेळ आली, तेव्हा तिनं दावा लावला. ती जिंकली, फरशीवाल्याचं अपीलही फेटाळलं गेलं. तरी वरचे दोन मजले तीन वर्षं ताठ उभे होते. आधीचे तिघे बेलिफ हात हलवत परतले होते आणि तिघांचा अहवाल एकच होता: 'चौथ्या मजल्यावर अंथरुणाला खिळलेली वृद्धा. पाडकाम अशक्य.'

"वृद्धेशी कोण बोललं?" बाईंनी विचारलं.

"तिथवर पोचतंय कोण? मुलगा दारातच रडायला लागतो."

सकाळी दहाला बाई दोन पोलीस आणि नगरपालिकेचा इंजिनियर घेऊन पोचल्या. फरशीवाला दारात उभाच होता. डोळे वेळेवर भरून आले.

"मॅडम, आईला हलवलं तर ती जाईल हो! तुम्हाला आई नाही का?"

"आहे ना. म्हणूनच तुमच्या आईंना भेटते," म्हणत बाई जिना चढू लागल्या.

म्हातारी खिडकीशेजारच्या पलंगावर होती. बाईंनी स्टूल ओढलं आणि नेहमीसारखा हुकूम पहिल्यापासून वाचला. म्हातारीनं कान देऊन ऐकला.

"म्हणजे मला खाली न्यायला आलात?"

"हो, आजी."

"मग इतके दिवस कुठे होतीस गं?"

फरशीवाला पुढे झाला. "आई, काय बोलतेस!"

"खरं तेच बोलतेय. मांडी मोडली त्याला तीन वर्षं झाली. डॉक्टर म्हणाले, चाकाच्या खुर्चीत बसवा, बाहेर फिरवा. इथे ना लिफ्ट, ना काही. मुलगी दुसऱ्या गल्लीत तळमजल्यावर राहते, ये ये म्हणून घसा कोरडा केला तिनं. तू काय म्हणालास बायकोला? आई खाली गेली की मजला गेला. माझे पाय गेलेत रे, कान नाही गेले."

फरशीवाला भिंतीकडे बघत राहिला.

बाईंनी पंचनामा उघडला आणि टिपून घेतलं: 'वृद्धेची हरकत नाही. यापूर्वी तिला कोणी विचारले नव्हते.'

मग दोघा पोलिसांनी म्हातारीला लाकडी खुर्चीत बसवून उचललं. पहिल्याच वळणावर खुर्ची कलली, तशी ती कडाडली, "हळू! मी काय सिमेंटची गोणी आहे?" पोलीस हसले आणि खुर्ची आणखीच डुगडुगली. तिसऱ्या मजल्याशी फरशीवाल्यानं एका पोलिसाला बाजूला केलं आणि खुर्चीचा पाय स्वतः धरला. खाली आल्यावर तिला रिक्षात नीट बसवलं आणि बहिणीकडे स्वतः घेऊन गेला.

दुपारी त्याचा वकील स्थगिती मागायला धावला. न्यायाधीशांनी पंचनामा वाचला आणि अर्ज फेटाळला. खालचे दोन मजले कायदेशीर होते, म्हणून मशीन लावता येईना. आठ मजुरांनी घणाचे घाव घालून वरचे दोन बावीस दिवसांत उतरवले. बाई रोज जाऊन नोंद करत. बाविसाव्या दिवशी त्यांनी लिहिलं, 'हुकूम पूर्ण बजावला.'

परतताना त्या मुद्दाम मुलीच्या गल्लीवरून गेल्या. म्हातारी अंगणात चाकाच्या खुर्चीत बसून भाजीवाल्याशी मेथीच्या जुडीवरून हुज्जत घालत होती, आणि फरशीवाला हातात पिशवी धरून मुकाट मागे उभा होता.