मालगुजाराचं तळं आणि माझं पत्रक

माझ्या पत्रकांपैकी सगळ्यात जास्त वाचलं गेलेलं पत्रक चुकीचं होतं. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे नंतर कुणी मला पकडायला नको.

रायपूर नुकतंच राजधानी झालं होतं आणि इथल्या जमिनींना पाय फुटले होते. भनपुरीच्या पलीकडे, ट्रकांच्या अड्ड्यामागे, शहरानं गिळत आणलेलं एक गाव होतं आणि त्या गावाचं एक तळं. बाया तिथे आंघोळ करत, कपडे धूत, म्हशी डुंबत. एक दिवस तळं बुजवायला काठावर मुरमाचे ट्रक रिकामे झाले. एका बिल्डरनं तळं विकत घेतलं होतं म्हणे. जुन्या मालगुजाराच्या एका वारसाकडून.

मालगुजार म्हणजे इंग्रजांच्या काळात गावाचा सारा वसूल करून सरकारात भरणारा, गावाचा धनी. हा मालगुजार मराठीच होता, मराठ्यांच्या राज्यात इकडे आलेल्या घराण्यातला. पहिल्या महायुद्धाच्या दिवसांत इंग्रजांनी उभारलेल्या हौशी पलटणीत तो कप्तान झाला, पुढे प्रांताच्या कौन्सिलात मेंबर म्हणून बसला. मला एवढं पुरे होतं. तहसिलीत जाऊन जमिनीचा जुना खसरा पाहिला, तळ्यासमोर मालक म्हणून त्याचंच नाव होतं, आणि एका बैठकीत पत्रक लिहून काढलं. गोऱ्यांच्या कप्तानानं गावाचं तळं गिळलं आणि आता नातेवाईक ढेकर देत आहेत, असं. हिंदीत लिहिलं, कारण रायपुरात मराठीत लिहिलं तर माझी आईच वाचणार. ब्राह्मणपाऱ्यात छापून घेतलं आणि सायकलवरून गावभर वाटलं. फार छान वाटलं होतं.

आमच्या हरकतीवर तहसिलीत सुनावणी झाली, तेव्हा बिल्डरच्या वकिलानं तेच पत्रक तहसीलदार साहेबांपुढे ठेवलं. आंदोलन करणारेच म्हणतात की तळं मालगुजाराचं स्वतःचं होतं, मग त्याच्या वारसानं विकलं तर बिघडलं कुठे, असा त्याचा सवाल. शत्रूला दारूगोळा पुरवणारी चळवळ आमचीच. साहेबांनी पंधरा दिवसांनंतरची तारीख दिली.

बाहेर आल्यावर गावच्या म्हाताऱ्या कोटवारानं, म्हणजे गावच्या चौकीदारानं, मला चहा पाजला आणि शांतपणे माझी अक्कल काढली. खसऱ्यात तळं मालगुजाराच्याच नावावर दिसणार, ती त्या काळची रीतच. गावाचा हक्क दुसऱ्या कागदात असतो. वाजिब-उल-अर्ज त्याचं नाव, गावच्या रूढींची नोंद. कोण कुठे आंघोळ करेल, कुणाची गुरं कुठे पाणी पितील, सरपण कुठून आणायचं, हा सगळा निस्तार त्यात लिहिलेला. मी हे नावही ऐकलं नव्हतं, आणि तळ्यावर पत्रकं काढत होते.

कागद शोधायला गेले तर नव्या राज्याच्या नादात कचेऱ्या इकडच्या तिकडे झालेल्या, दफ्तराचे गठ्ठे व्हरांड्यात पडलेले. बाबू म्हणाला, जुनी नक्कल आणा, तिच्यावरच्या नंबरावरून मूळ काढून देतो. आणि कोटवार म्हणाला, नक्कल आहे एकाच माणसाकडे. त्या मालगुजाराच्या मुलाकडे.

समता कॉलनीत त्यांचं साधं दोन खोल्यांचं घर होतं. रेल्वेतून रिटायर झालेले, सत्तरी ओलांडलेले. दार त्यांनीच उघडलं आणि मला वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"तूच का वं ती, ढेकरवाली?"

मी हो म्हटलं. खोटं बोलायला जागाच नव्हती, माझं पत्रक त्यांच्या टेबलावर होतं आणि त्यातल्या चुका लाल पेन्सिलीनं दुरुस्त केलेल्या होत्या. काकूंनी चिवडा आणून ठेवला. चुलतभावानं आपल्याला न विचारता तळं विकलं, हे काकांनी आधी सांगितलं आणि त्याला दोन शिव्या दिल्या. मग माझ्याकडे वळले.

"बापाले शिव्या दिल्या त्याचं मले काही नाही. तू अर्धंच वाचलं न पोट्टी, त्याचा राग आला."

मला वाटलं, आता हे वडिलांची आरती ओवाळायला लावणार. मी मनात नकार तयार ठेवला. पण काकांनी पेटीतून फोटो काढला, तंग तुमानीतला, मिशा पिळलेला कप्तान, आणि म्हणाले की हा माणूस गावकऱ्यांकडून बेगार घेत असे. शेतात फुकट राबवायचा. गडीमाणसांच्या हाती बांबू देऊन तळ्याच्या पाळीवर कवायत करवायचा, नांगरणीच्या दिवसांतही. कौन्सिलात कुळांना हक्क देण्याची गोष्ट निघाली की हात सरकारच्या बाजूनं वर. मला लिहून घ्यायला वही पुरेना.

मग तळ्याची गोष्ट. ती त्यांना आईनं सांगितलेली, ते स्वतः तेव्हा पाळण्यात होते. कप्तानाच्या डोक्यात मासे पाळायचं आलं आणि त्यानं तळ्याला काट्यांचं कुंपण घातलं. दुसऱ्या दिवशी सकाळी गावातल्या झाडून साऱ्या बाया घागरी, कपडे, लेकरं घेऊन त्याच्या अंगणातल्या विहिरीवर आल्या आणि तिथेच धुणं मांडून बसल्या. अंगणात चिखल झाला. कप्तान बूट चढवून, पट्टा बांधून बाहेर आला आणि इंग्रजीत हुकूम सोडला. इंग्रजी कुणाला येतं? एक म्हातारी उठली आणि तिनं विहिरीचा दोर त्याच्या हाती दिला.

"तरिया ल तुमन बंद करे हव मालिक, त पानी घलो तुमन खींच के देव."

तळं तुम्ही बंद केलं, तर पाणीही तुम्हीच ओढून द्या. कप्तानानं दोन घागरी ओढल्या म्हणे, तिसरीला घाम फुटला. तीन दिवस हे चाललं. चौथ्या दिवशी कुंपण निघालं. त्याच सुमारास बंदोबस्ताचा, म्हणजे साऱ्याची नवी आकारणी करणारा, अंमलदार गावच्या रूढी लिहून घ्यायला आला, तेव्हा त्या बाया पुन्हा अंगणात येऊन उभ्या राहिल्या आणि कप्तानानं त्यांच्यासमोर लिहून दिलं की तळं गावाच्या निस्ताराचं, मालगुजार कधी अडवणार नाही.

मी चिवडा खायला विसरले. हा उपकार नव्हता. हे बायांनी त्याच्याकडून काढून घेतलेलं होतं.

काकांनी नक्कल माझ्या हाती ठेवली. "ने. पण आता लिहिशील ते पुरं लिही. बेगार बी लिही, अन् दोर बी लिही."

चूक मान्य करणारं पत्रक काढते म्हटल्यावर चळवळीच्या कार्यालयात आमचे साथी भडकले. चूक कबूल केली की लोकांचा विश्वास उडतो, असं एकानं सुनावलं. मीही भडकले. सरकारनं चूक कबूल करावी म्हणून आम्ही रोज गळा काढतो, आणि आमची वेळ आली की गप्प? दुसरं पत्रक निघालं. पहिलं वाक्य, मागच्या पत्रकात मी चुकीचं लिहिलं होतं. पुढे बेगार, कवायत, कौन्सिल, कुंपण, विहीर, सगळं क्रमानं. हिंदी काकांनी तपासली.

बाबू शब्दाचा पक्का निघाला, नंबरावरून त्यानं मूळ कागद काढला. तारखेला वकिलानं पुन्हा माझं पहिलं पत्रक फडकावलं. मी उभी राहिले आणि म्हटलं, "हे मी लिहिलंय, साहेब. अर्धा कागद वाचून लिहिलंय. उरलेला अर्धा तुमच्यापुढे आहे." साहेबांनी मूळ कागद दोनदा वाचला. महिन्याभरात आदेश आला. तळं निस्ताराचं, बिल्डरच्या नावावर झालेलं नामांतरण, म्हणजे फेरफार, रद्द.

मुरूम मात्र कुणी उचलेना. आदेशात त्याचं काही नव्हतं, म्हणून एका रविवारी आम्हीच घमेली घेऊन गेलो. जे साथी भडकले होते तेही आले. काका डोक्याला रुमाल बांधून आले, चाळीस वर्षांनी गावात पाय ठेवत होते. येताना रिक्षात त्यांना कोण काय म्हणेल याची धास्ती होती. एका वयस्क बाईनं त्यांना ओळखून विचारलं, तुम्ही मालिकचा मुलगा न? त्यांनी हो म्हटलं. तिनं फावडं त्यांच्या हाती दिलं आणि जागा दाखवली. अर्ध्या तासात त्यांना धाप लागली तेव्हा तिनंच बसवलं, बोरं दिली, आणि दोघं कुठल्या घरात आता कोण राहतं ते बोलत बसली. काका इतके मोकळे हसताना मी पहिल्यांदाच पाहिले.

दुपारपर्यंत एक बाजू उघडी झाली. पाणी गढूळ होतं. एक म्हैस आधी थांबली, वास घेतला आणि उतरली. तिच्यामागून बाकीच्या उतरल्या, आणि बाया आपापली धुणी घेऊन म्हशींच्या वरच्या अंगाला जाऊन बसल्या.