फोर-केमधलं धुकं

खोक्यातून थर्माकोल निघताना होणारा, दातांवर शहारा आणणारा तो करकर आवाज आमच्या घरात सनईसारखा घुमला, आणि बोरीवलीच्या तिसऱ्या मजल्यावर फोर-के टीव्ही अवतरला.

तो आणला होता सासूबाईंसाठी. मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालेलं. उजळलेल्या डोळ्यांना पहिलं दर्शन त्यांच्या देवगडच्या समुद्राचं घडवायचं, असा माझा काव्यमय बेत!

"आई, साध्या एचडीच्या चौपट ठिपके असतात यात. लाटेचा थेंबन्‌थेंब मोजाल!" (ही विद्या मी त्याच सकाळी फोनवरून संपादन केली होती.)

समुद्र लागला. सासूबाईंनी मान पुढे काढली.

"धुकं पडलंय काय गो?"

"पहाट आहे ती, आई! काय तरल पोत आहे, बघा तरी!"

दुसऱ्या दिवशी भर दुपारच्या समुद्रावरही तेच धुकं. मी सोफा पुढे ओढला, केबल बदलली, रंग इतके चढवले की बातम्या देणारी बाई हळदीला बसल्यासारखी दिसू लागली.

"अगं, ही होडी आहे की ढग?" नवऱ्याने विचारलं.

"दिनू, नजर तयार व्हावी लागते!" मी ठणकावलं.

संध्याकाळी सासूबाई एकेक डोळा तळव्याने झाकून टीव्हीसमोर उभ्या दिसल्या.

"तुला दिसतं ना गो नीट?"

"दिसतं तर! अप्रतिम!"

"मग माझाच डोळा फुकट गेला. जवळचं दिसतं, लांबचं गेलं. दिनूला सांगू नको हां. पोरानं हौसेनं आणलाय."

मी मोबाइल उचलला. डॉक्टरांना फोन लावणार, तोच मुलुंडची नणंद आली आणि चपला काढता काढताच किंचाळली, "वहिनी, स्क्रीनवरचं प्लास्टिक कधी काढणार? नातवंडांच्या लग्नात?"

(दुकानाच्या माणसाला मीच अडवलं होतं: "राहू दे हो, ओरखडे पडतील!" आमच्या सोफ्याचं राहिलंय, रिमोटचं राहिलंय, स्क्रीननेच काय पाप केलं होतं?)

कोपऱ्याला नख लावलं. सर्रर्र! सगळं धुकं माझ्या हातात आलं, आणि समोर समुद्र उभा राहिला. ओठांवर मीठ यावं इतका जवळ.

"वाळू दिसतेय गो," सासूबाई पुटपुटल्या. "ओली." आणि त्यांचे डोळे भरून आले.

"बघितलंत? मी म्हटलं नव्हतं, चौपट ठिपके..." हातातलं प्लास्टिक लपवत मी पुन्हा सुरू झाले.

त्यांनी माझी हनुवटी धरली, माझा चेहरा त्या लख्ख डोळ्यांनी सावकाश निरखला, आणि म्हणाल्या, "शहाणी!"