जिन्याखालच्या खोलीचं वय

लक्ष्मी रस्ता नदीकडे उतरायला लागतो तिथे त्रिविक्रम बिल्डिंग उभी आहे. काळ्या दगडाची, तीन मजली, शंभरीला टेकलेली. वर वकील, विमावाले, एक दातांचा डॉक्टर आणि नेमकं काय चालतं ते कोणालाच ठाऊक नाही अशा दोन कचेऱ्या. खाली जिन्याखाली राधाबाईची खोली. खोली म्हणजे काय, ताठ उभं राहायचं तर दारापाशीच. आत जाल तसं वाकत जायचं. चाळीस वर्षं वाकून वाकून तिची पाठ जिन्याच्या मापाची झाली होती.

सकाळी कुलपं उघडायची, टाकीत पाणी सोडायचं, तिन्ही मजले झाडायचे, हे तिचं काम. आधी सासरा गेनबा करायचा, मग नवरा दशरथ. दशरथ गेला आणि केरसुणी तिच्या हातात आली. मुलगा समाधान बिबवेवाडीला भाड्याच्या एका खोलीत, बायको आणि दोन मुलींसकट. तिथे पाचवं माणूस निजवायचं तर एकाने ओट्याखाली निजायला हवं. म्हणून राधाबाई दोन दिवसांच्या वर तिकडे राहात नसे आणि सून दोन दिवसांच्या वर आग्रह करत नसे. दोघींचं बरं चाललं होतं.

यंदा उन्हाळ्यात बिल्डिंगच्या ट्रस्टने ठरवलं की इमारत बांधली तेव्हा होती तशी करायची. मागाहून जे जे चढलं, चिकटलं, ते काढून टाकायचं. त्यासाठी स्वराली नावाची आर्किटेक्ट मुलगी मोजमापाची टेप घेऊन आली. सडपातळ, पायात बूट, आणि बोलण्यात अर्धं इंग्रजी.

"मावशी, प्रॉब्लेम असा आहे की ओरिजिनल ड्रॉइंग्जच नाहीयेत. पुरात गेली म्हणे."

"गेली ना. कशी गेली ते मी सांगते."

दुसऱ्या मजल्यावरचे शरच्चंद्र वकील तेवढ्यात जिना उतरत होते. "विचारा, विचारा," ते म्हणाले. "राधाबाईंना आमच्या केसच्या तारखासुद्धा पाठ असतात. आम्ही आपले नुसते कोट घालून येतो."

राधाबाईचं बोलणं आजवर कोणी लिहून घेतलं नव्हतं. ती जी सुटली ती तीन दिवस बोलत होती. गच्चीवरचा पत्रा कोणत्या साली चढला, डॉक्टरांनी लाकडी कठडा कापून पार्टिशन कधी घातलं, दारावरची रंगीत काच कोणाच्या पोराने फोडली. स्वराली लिहीत होती आणि म्हणत होती, "सुपर, मावशी."

शेवटी तिने गेनबाची गोष्ट सांगितली. पानशेत फुटलं त्या सकाळी नदी रस्त्यावर आली. लोक मुलंबाळं घेऊन पळाले. गेनबा मात्र खालच्या कचेऱ्यांतले कागदांचे गठ्ठे डोक्यावर घेऊन वर नेत राहिला. छातीला पाणी लागलं तेव्हा थांबला. लोकांची खरेदीखतं, मृत्युपत्रं, सगळी वाचली. मालकांचं कपाट तेवढं राहिलं आणि बिल्डिंगचे नकाशे त्यातच होते. पाणी ओसरल्यावर मालकांनी विचारलं, काय देऊ तुला? तो म्हणाला, पाठ टेकायला जागा द्या. तेव्हा मालकांनी समोर उभं राहून जिन्याखाली वीट लावून घेतली.

"म्हणजे ही रूम पुरानंतरची?"

"तर. नाहीतर आधी इथे सायकली लावत."

स्वरालीने ते लिहिलं. दारापाशी इतिहासाचा बोर्ड लागणार आहे, त्यावर गेनबांचं नाव घालू, असंही म्हणाली. राधाबाईने त्या दिवशी समाधानला दोनदा फोन केला.

पंधरा दिवसांनी यादी लागली. काय ठेवायचं आणि काय पाडायचं. राधाबाईला अक्षरं लावून वाचायला वेळ लागे, म्हणून वकिलांनी वाचून दाखवली. पत्रा, पार्टिशन, आणि सातव्या नंबरावर जिन्याखालची खोली.

"कोणी सांगितलं यांना?" राधाबाईने विचारलं.

"खाली साक्षीदाराचं नाव आहे. तुमचंच. तीस वर्षं कोर्टात आहे, एवढी चोख साक्ष मी ऐकली नाही." मग त्यांनी तिच्या तोंडाकडे पाहिलं, चष्मा काढला आणि आवाज उतरवला. "राधाबाई, यादी अजून मंजूर व्हायची आहे. या वयात माणूस विसरतं. विसरण्याला कलम नाही."

संध्याकाळी समाधान आला. दारातच उभा राहिला.

"आई, तुला कोणी सांगितलं होतं बोलायला?"

"त्यांनी विचारलं म्हणून बोलले."

"तू माझ्याकडे ये, मी नाही म्हणत नाही," तो म्हणाला, आणि पुढचं बोलला नाही. पुढचं दोघांनाही दिसत होतं. "उद्या जाऊन सांग, चुकून बोलले म्हणावं. खोली पहिल्यापासूनच आहे म्हणावं."

सकाळी स्वराली पायऱ्या मोजत होती. राधाबाईने केरसुणी भिंतीला टेकवली.

"मॅडम, मी चुकीचं सांगितलं. खोली मूळचीच आहे. पहारेकऱ्यासाठी बांधलेली."

स्वरालीने भिंतीकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "हे प्लास्टर काढलं तर वीट कुठली ते कळेल, मावशी. पण मी काढणार नाही. तुम्ही सांगाल ते लिहीन."

"तेच लिहा."

"मग एक होईल." तिने वही उघडली. "खोली आधीपासून असेल तर मालकांनी गेनबांना ती बांधून दिली, हे बसत नाही. वाचणारा विचारेल. पुराचं ते पूर्ण पान काढावं लागेल. बोर्डवरचं नावही."

हे राधाबाईच्या ध्यानातच आलं नव्हतं. तिला वाटलं होतं, एक वाक्य फिरवलं की झालं. ती खालच्या पायरीवर बसली. गेनबा असता तर काय म्हणाला असता, याचा तिने विचार केला. म्हणाला असता, नाव काय चुलीत घालायचंय, खोली धर. खात्रीने म्हणाला असता. पण म्हणायला तो असायला हवा होता; त्याच्या वतीने आपणच म्हणायचं हे तिला जड जात होतं.

"काढू?" स्वरालीने हळू विचारलं.

"काढा."

तिने रेघ मारली. एकच, आडवी, पट्टी न लावता.

दिवाळीनंतर पत्रा उतरला, पार्टिशन गेलं, खोली राहिली. तिला बाहेरून बिल्डिंगच्या रंगाचा रंग मिळाला. रविवारी जुनं पुणं पाहायला लोक येऊ लागले. त्यांना फिरवणारा तेजस म्हणून एक मुलगा होता, तो राधाबाईच्या दारापाशी थांबून सांगे, "ही पहारेकऱ्याची मूळ खोली. शंभर वर्षांपूर्वी नोकरमाणसाचा केवढा विचार केला होता बघा."

एका रविवारी त्या घोळक्यातल्या एका बाईंनी राधाबाईलाच विचारलं, "अहो, तुमच्या आधी इथे कोण राहायचं?"

"सासरे."

"ते काय करायचे?"

तेजस थांबला होता. सगळेच थांबले होते, कोणी फोन धरून.

"झाडायचे," राधाबाई म्हणाली.