पा मालीच्या हातांवर

मी दुबईला निघाले त्या सकाळी अम्मा रिक्षेपर्यंत आली, माझी ओढणी सारखी केली आणि म्हणाली, "माझी शेवटची आंघोळ तुम्ही दोघी बहिणींनीच घालायची हां. परक्या बायकांचे हात नकोत." तू चिडलीस, "निघताना काय बोलतेस हे!" मी हसत होते. दोन वर्षांत परत यायचं होतं ना. शबाना, त्याला अकरा वर्षं झाली. मधे तीनदा येऊन गेले, तेही पाहुणीसारखी.

दुबईच्या करामा भागातल्या थाई सलूनमध्ये मी रिसेप्शनला. बाकी सगळ्या थाई. इंटरनॅशनल सिटी वस्तीतल्या खोलीतही मी आणि त्यांच्यातल्या तिघी. सुट्टीला त्या कच्ची पपई, मिरची, शेंगदाणे कुटतात, मोबाइलवर त्यांच्या मालिका बघून रडतात, मग माइक घेऊन कराओके गातात. सुरुवातीला राग यायचा. घर सोडून आलेल्या बायकांना एवढं हसू कसं येतं? सगळ्यांत मोठी माली, साठीची. तिला 'पा' म्हणायचं, म्हणजे मावशी.

त्या दिवशी त्यांचं नवं वर्ष होतं, सोंगक्रान. पहाटे फजरच्या नमाजाच्या सुमाराला भाईजानचा फोन आला. अम्मा गेली.

"थांबा, मी येते!"

"कसं थांबणार? एप्रिलचा उकाडा. दुपारी जोहरच्या नमाजानंतर दफन."

मिळणारं विमान दुपारचं, पुढे मुंबईहून गाव आठ तास. तरी मी म्हणत राहिले, बर्फ लावा, एक दिवस ठेवा, हात जोडते. त्याने फोन तुला दिला. तू एवढंच विचारलंस, "मी एकटीनं घालू आंघोळ?"

मी उत्तर न देता फोन ठेवला. तो राग तू अजून धरून आहेस.

खोलीत बसवेना म्हणून कामावर गेले. तिथे सगळ्या फुलं घातलेलं पाणी घेऊन रांगेत उभ्या. या दिवशी त्या थोरांच्या हातांवर पाणी घालून माफी मागतात. पा माली खुर्चीत, हात पुढे करून. कुणीतरी वाटी माझ्याही हातात दिली. साडेदहा वाजले होते, तिकडे बारा. तू तेव्हा अम्माला न्हाऊ घालत असणार. मी त्या सुरकुतलेल्या हातांवर पाणी घातलं आणि घालतच राहिले. वाटी संपली, पुन्हा भरली. फरशीवर तळं झालं. "अम्मा, माफ कर," मी मराठीत बडबडत होते. "खलास, खलास," म्हणत एकीने वाटी ओढली. पा मालीने तिला थांबवलं आणि हात तसेच पुढे धरले.

एवढंच केलं मी. ते अम्माला पोचलं नाही, ठाऊक आहे मला.

पुढच्या ईदला आले, बायकांना आत सोडत नाहीत म्हणून कब्रस्तानच्या भिंतीबाहेर उभी राहिले. तू माझं ताट वाढून आत निघून गेलीस. अम्माच्या खोलीला भाईजानने नवा रंग दिला होता. परतल्यावर पा मालीने मोडक्या हिंदीत विचारलं, "घर गया? अच्छा?"

मला हो म्हणवेना. "गाँव गई थी," म्हटलं आणि ड्युटीवर गेले.